पाकिस्तान म्हणून खारदांड्याला

आमच्या ओळखीतले लोक स्वित्झर्लंडला जाऊन येतात आणि वर्षभर बर्फाविषयी बोलतात. मी डिसेंबरच्या शेवटच्या शनिवार-रविवारी मुलुंडहून ट्रॉम्बे आणि खारदांडा करून आले, आणि मलाही बोलायचं आहे. मुलुंडच्या माणसाला खारदांडा हा परदेशच. तिथे समुद्र, आमच्याकडे डोंगर. तिथली माणसं मोठ्याने बोलतात आणि मनात काही ठेवत नाहीत, आमच्याकडे बरोबर उलट. शिवाय मी तिथे गेले ती साधी नलिनी म्हणून नाही. मी पाकिस्तान म्हणून गेले.

त्याचं असं झालं. आमच्या सोसायटीतल्या ज्येष्ठ नागरिक मंडळाचे सचिव दिघे सर हे भौतिकशास्त्राचे निवृत्त मास्तर. दर वर्षअखेरीला मंडळात भावगीतं आणि बटाटेवडे असा कार्यक्रम होतो, आणि त्याबद्दल कुणाची कधी तक्रार नव्हती. पण या वेळी सरांनी जाहीर केलं, की आपण सगळे कशाच्या ढिगावर बसलोय हे सत्तरीच्या माणसांनाही कळलं पाहिजे. जगात अण्वस्त्रं असलेले देश नऊ. आपल्यातल्या नऊ जणांनी एकेक देश व्हायचं आणि परिषद भरवायची. परिषद खारदांड्याला, कारण तिथल्या कोळीवाड्यातलं ज्येष्ठांचं मंडळ आदल्या वर्षी आमच्याकडे आलं होतं. आम्ही त्यांना साबुदाण्याची खिचडी घातली होती आणि त्यांनी ती फार सभ्यपणे संपवली होती. आता बोलवायची पाळी त्यांची होती.

चिठ्ठ्या स्टीलच्या वाडग्यात टाकल्या. माझा डोळा फ्रान्सवर होता, कारण माझ्याकडे एक बरा स्कार्फ आहे. चिठ्ठी उघडली तर पाकिस्तान. मी म्हटलं, सर, बदलून द्या. सर म्हणाले, भूगोल बदलून मिळत नाही. आणि भारत कुणाला आला, तर माझ्या डोक्यावर राहणाऱ्या शैलाला.

डोक्यावर म्हणजे खरोखरच. मी दुसऱ्या मजल्यावर, ती तिसऱ्या. अठ्ठावीस वर्षं आम्ही एकमेकींच्या घरात बेल न वाजवता शिरत होतो. सहा वर्षांपूर्वी तिच्या बाथरूमचं पाणी माझ्या बाथरूमच्या छतातून टपकायला लागलं. मी जन्मभर पाणी खात्यात नोकरी केलेली, तेव्हा मी तिला सांगितलं की पाइप तुझा फुटलाय. ती म्हणाली, छत तुझं कच्चं आहे. मग ती म्हणाली, जन्मभर पाणी खात्यात राहून हिला एक थेंब अडवता आला नाही. त्यावर मी जे बोलले ते इथे लिहीत नाही. त्या दिवसापासून अबोला. आधी तिने बोलावं असं माझं धोरण, आधी मी बोलावं असं तिचं. छताखाली बादली ठेवली, ती अजून तिथेच आहे.

या भांडणाच्या आदल्याच दिवशी तिने मला डबाभर अळूवड्या पाठवल्या होत्या. डबा माझ्याकडे राहिला, झाकणावर तिचं नाव कोरलेला. आपल्याकडे दुसऱ्याचं भांडं रिकामं परत करत नाहीत, चिमूटभर साखर तरी घालून देतात. रिकामा पाठवावा तर आईची शिकवण आडवी येते, आणि भरून पाठवावा तर मीच नमतं घेतल्यासारखं होतं. दर सणाला मी ठरवायचे, की या वेळी अमुक भरून पाठवू. एका कागदावर तसं लिहायचे आणि सण गेला की खोडायचे. कागद पर्समध्ये, डबा फळीवर. असंच आणखी सहा वर्षं चाललं असतं. पण नोव्हेंबरात आमच्या वॉचमनने सांगितलं, की तिसऱ्या मजल्यावरच्या मॅडम चार जानेवारीला कायमच्या बेंगळुरूला चालल्या, मुलाकडे. मी म्हटलं, बरं झालं, बादली उचलता येईल. घरी येऊन डबा खाली काढला, पुसला आणि तो पुसता पुसता मला रडू आलं. ती न बोलता निघून गेली तर उरलेलं आयुष्य मी एका डब्याकडे बघत काढणार, हे मला तेव्हा कळलं.

शनिवार : ट्रॉम्बे

सकाळी आठला फाटकाशी मिनीबस आली. अमेरिका आणि रशिया म्हणजे गोखले पती-पत्नी. ते तळमजल्यावर राहतात, त्यामुळे सगळ्यांत आधी पोचले आणि त्यांनी खिडक्यांच्या जागांवर रुमाल टाकले. त्यांचं बघून ब्रिटन, फ्रान्स आणि चीन यांनीही टाकले. आम्ही बाकीचे जिना उतरत होतो तेवढ्यात दिघे सरांनी शिट्टी वाजवली आणि सांगितलं, की यापुढे कुणीही रुमाल टाकायचा नाही.

मी विचारलं, मग टाकलेल्यांचं काय? सर म्हणाले, टाकलेले आहेत ते आहेत, पण ते आपले रुमाल यथावकाश उचलतील असं त्यांनी कबूल केलंय. गोखलेबाईंनी आपला रुमाल आणखी घट्ट खोचला. सरांचा चेहरा मात्र फुलला. म्हणाले, हाच तो अण्वस्त्र प्रसारबंदी करार, मला वाटलं होतं समजावायला तास लागेल.

आम्ही तिघांनी, म्हणजे भारत, पाकिस्तान आणि इस्रायल झालेले देसाईकाका यांनी, असला करार मान्य नाही म्हणून सांगितलं आणि मागच्या उरलेल्या खिडक्या पकडल्या. उत्तर कोरियाने आधी मान्य आहे म्हटलं, मग खिडकी नाही असं दिसल्यावर मान्यता मागे घेतली आणि ड्रायव्हरशेजारी जाऊन बसला. शैला डाव्या खिडकीशी, मी उजव्या. मध्ये दोन फुटांची वाट आणि सहा वर्षं.

दुसरा नियम खाण्याचा होता. प्रत्येकाने एकच डबा आणायचा, म्हणजे ओझं होणार नाही. पण गोखलेबाई दोन आणतील अशी ब्रिटनला खात्री होती म्हणून ब्रिटनने दोन आणले, आणि ब्रिटनचा स्वभाव माहीत असल्यामुळे गोखल्यांनी चार आणले. विचारलं तर प्रत्येकाचं उत्तर एकच, आमचा फक्त संरक्षणासाठी आहे. सरांनी तपासणी काढली, पण ज्याने आपणहून पिशवी उघडली त्याचीच तपासणी करता येते, असा नियमही त्यांनीच केला होता. देसाईकाकांच्या मांडीवरच्या पिशवीतून सगळ्या बसभर भाजणीच्या चकलीचा वास सुटला होता. सरांनी विचारलं, काका, चकली आहे का? काका म्हणाले, "आहे असं मी म्हणत नाही. नाही असंही म्हणत नाही." आणि ते घाटकोपर येईपर्यंत खिडकीबाहेर बघत राहिले.

ट्रॉम्बेविषयी लिहायचं तर आम्ही ते पाहिलं नाही. तिथे अणुसंशोधनाचं मोठं केंद्र आहे. आत जायला परवानगी लागते, आणि ती काढायची राहिली हे सरांना फाटकाजवळ गेल्यावर आठवलं. पहारेकऱ्याने फार नम्रपणे विचारलं, की आपण कोण. सर म्हणाले, आम्ही नऊ अण्वस्त्रधारी राष्ट्रं. पुढची दहा मिनिटं आमची ओळखपत्रं बघण्यात गेली. मग त्याने तितक्याच नम्रपणे सांगितलं, की गाडी इथे थांबवता येणार नाही. परत फिरताना झाडांच्या वर काहीतरी गोल पांढरं दिसलं. सर भावनेने म्हणाले, अणुभट्टीचा घुमट. गोखले म्हणाले, पाण्याची टाकी. पाणी खात्याची म्हणून सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. मी मत दिलं नाही. शैलाही बघत होती, म्हणून दिलं नाही.

पुढे एका पिंपळाखाली बसून आम्ही चौदा डब्यांमधलं खाल्लं. सर सांगत होते, की अणू म्हणजे नुसता बॉम्ब नव्हे, वीज आहे, कॅन्सरचे उपचार आहेत, आणि हेच सारं कठीण करून ठेवतं, कारण एकच वस्तू दोन्हीकडे लागते. ऐकत कुणी नव्हतं. देसाईकाकांनी चकली बाहेर काढली होती.

रविवार : खारदांडा

भांडुप ते अंधेरी या टप्प्याविषयी सांगण्यासारखं काही नाही, तो संपायला वेळ लागतो एवढंच. मात्र खारच्या मोठमोठ्या इमारती मागे टाकून गाडी उताराला लागली आणि एकदम वासच बदलला. बांबूच्या मांडवांवर बोंबील वाळत घातलेले, ओळीने, तोंडात तोंड अडकवून. दारात बायका बसलेल्या, आणि त्या आमच्या बसकडे बघून आमच्याविषयीच बोलत होत्या, आम्हाला ऐकू येईल अशा बेताने.

आमच्या यजमानीण हिराबाई. वय पंचाहत्तर, पन्नास वर्षं मासळीबाजारात बसलेल्या, आणि आता तिथल्या मंडळाच्या अध्यक्ष. आमच्याकडे पाहुण्याला आधी पाणी देतात आणि मग प्रवास कसा झाला विचारतात. हिराबाईंनी आधी ताट वाढलं आणि मग विचारलं की कोण काय खात नाही. मी मासे खात नाही हे कळल्यावर त्यांनी मला खूप वेळ न्याहाळलं आणि विचारलं, "मंग जगतंस कशी?" पण लगेच आत जाऊन माझ्यापुरती वांग्याची भाजी टाकली. तांदळाची भाकरी इतकी मऊ, की मी तीन खाल्ल्या. फ्रान्सच्या ताटातला तळलेला बोंबील मांजराने नेला. शैलाने पाच बोंबील खाल्ले. मी मोजत नव्हते, समोरच बसली होती.

परिषद देवळाशेजारच्या हॉलमध्ये भरली. पुठ्ठ्याच्या पाट्या, पाण्याचे ग्लास, समोर साठेक कोळी म्हातारे-म्हाताऱ्या. सरांनी सगळ्यांना संवाद लिहून दिले होते, त्याप्रमाणे अमेरिका आणि रशिया आधी बोलले. जगातली बहुतेक अण्वस्त्रं यांच्याकडेच, आणि ती कमी करायचे यांच्यातले करार एकेक करून निकालात निघत चाललेले. नवराबायको पंचेचाळीस वर्षांच्या सरावाने भांडली, आणि तो भाग फार वठला. मग सरांनी रुमालांची गोष्ट सांगितली.

हिराबाईंनी हात वर केला. म्हणाल्या, पावसात दोन महिने मासेमारी बंद असते, तेव्हा मासळी अंडी घालते. सगळ्यांनी होड्या वर ओढून ठेवायच्या. आम्ही लहान जाळ्यावाले ऐकतो. पण ज्यांच्या बोटी मोठ्या, ज्यांनी आधीच समुद्र उपसला, तेच येऊन आम्हाला शिकवतात. "पाच जनांनी अगुदर पोट भरून घेतला," त्या म्हणाल्या, "नि मंग बाकीच्यांना सांगतान, उपास करा. ह्याच ना तुमचा करार?"

सर म्हणाले, हो, साधारण हाच. पण हिराबाईंचं संपलं नव्हतं. करार वाकडा असला तरी बंदी पाळायलाच लागते, नाहीतर पुढच्या वर्षी कुणालाच मासळी नाही, असं त्यांनी सांगितलं, आणि कुणाची होडी किनाऱ्यावर नाही हे बायका बरोबर बघतात. तपासणीचा हा विचार दिघे सरांनी वहीत लिहून घेतला.

पुढे चाचणीबंदीचा करार आला, जो सही होऊनही लागू झालेला नाही. अण्वस्त्रंच नकोत असा एक करारही बऱ्याच देशांनी केलाय, पण त्यात या नवांपैकी एकही नाही. मागून एक आजोबा म्हणाले, म्हणजे न पिणाऱ्यांनीच दारू सोडली. मग सरांनी सांगितलं की दक्षिण आफ्रिकेने बॉम्ब तयार केले होते आणि आपल्या हाताने मोडून टाकले. तेव्हा टाळ्या पडल्या. दिवसभरात एवढ्या टाळ्या कुणालाच मिळाल्या नाहीत, आणि दक्षिण आफ्रिका हजरही नव्हती.

शेवटी आमची पाळी. सर म्हणाले, हे दोन शेजारी युद्धाच्या तोंडावर असले, बोलणं पार तुटलेलं असलं, तरी तीस वर्षांहून जास्त काळ दर एक जानेवारीला एक गोष्ट करतात. आपापल्या अणुठिकाणांची यादी एकमेकांना देतात. या ठिकाणांवर हल्ला करायचा नाही, असा त्यांचा करार आहे.

हिराबाईंनी विचारलं, "म्हंजे बोलत नाय, पन कागद देतान?"

सर म्हणाले, हो. हिराबाई म्हणाल्या, ह्या बरा हाय.

सरांनी खोटी यादी टाइप करून आम्हा दोघींना सकाळीच बसमध्ये दिली होती. मी उठले, पर्समधून घडी काढली, शैलाच्या हातात ठेवली. सहा वर्षांत तिच्या इतक्या जवळ उभी राहिले नव्हते. तिचे केस पुढून अगदी पांढरे झालेत, हे मला माहीत नव्हतं. तिने तिची यादी मला दिली आणि माझी उघडली. मी खुर्चीवर बसून पर्स बंद करायला गेले, तर आत सरांचा टाइप केलेला कागद तसाच होता.

तिच्या हातात कुठला कागद गेला ते मला पाठ आहे. वर लिहिलंय, शैलाचा डबा. खाली: संक्रांत, गुळाची पोळी, आणि ते खोडून पुढे, कडक झाली. होळी, पुरणपोळी, खोडून, तिचीच जास्त चांगली होते. नारळी पौर्णिमा, नारळीभात, नुसतं खोडलेलं. गणपती, मोदक, खोडून, मोजके पाठवले तर कंजूष म्हणेल. दिवाळी, चकली, खोडून, तिच्या दाढा दुखतात. असं सहा वर्षांचं, दोन्ही बाजूंनी.

शैलाने कागद वाचला. उलटला, मागची बाजूही वाचली. हॉलमध्ये सगळे थांबलेले. लिखाणाप्रमाणे तिने म्हणायचं होतं, की पाकिस्तानची यादी मिळाली, भारत आभारी आहे. ती म्हणाली, "यादी मिळाली," आणि आभाराचं वाक्य गाळलं. मग तिने कागदाची बारीक घडी केली आणि आपल्या पर्समध्ये ठेवून चेन लावली. सरांना वाटलं अभिनय, त्यांनी टाळ्या वाजवल्या. माझी मात्र वाट लागली होती. अण्वस्त्रांच्या जागा कळल्या असत्या तर परवडलं असतं.

निघताना हिराबाईंनी सुक्या बोंबलांच्या पुड्या सगळ्यांना दिल्या, मलाही दिली, नको म्हणून सांगूनही. पुडी माझ्या हातात कोंबताना हळू आवाजात विचारलं, ती भारत झालेली बाई तुझी कोण? मी म्हटलं, शेजारीण. त्यांनी मान हलवली.

"बंदी उठली का आमी नारल टाकताव," त्या म्हणाल्या, "पन पैली होडी कुनीतरी काढायलाच लागते, बाय. सगली किनाऱ्याला उभी राहून कसा चालल?"

परतीच्या बसमध्ये कुणीही रुमाल टाकला नाही. सगळे दमले होते. शैला डाव्या खिडकीशी डोळे मिटून बसली होती. झोपली नव्हती, झोपली की ती घोरते.

मुलुंड : एक जानेवारी

प्रवास इथे संपायला हवा, पण खरा मुक्काम इथेच झाला. मधले तीन दिवस वरच्या मजल्यावरून खोकी ओढल्याचे आवाज येत होते. एक तारखेला सकाळी उठून मी नारळ फोडला. नारळी पौर्णिमेला अजून सात-आठ महिने आहेत, हे मला कळत होतं. नारळ खवला, गूळ चिरला, लवंगा परतून तांदूळ टाकला. भात झाला की डबा भरायचा आणि तिच्या दारात ठेवून बेल वाजवायची, असं ठरवलं होतं. तिथे थांबायचं की पळून यायचं, हे ठरलं नव्हतं.

भाताला अजून वाफ यायची होती आणि माझ्याच दाराची बेल वाजली. दारात शैला. हातात माझा कागद.

"नारळीभात का खोडलास?" तिने विचारलं. "बाकी सगळ्यांपुढे कारण लिहिलंयस. त्याच्यापुढे काहीच नाही."

"तुला आवडतो म्हणून," मी म्हटलं.

आत वास घमघमत होता आणि तिला तो आलेला होता, हे मला तिच्या नाकावरून कळलं.

"माझा डबा कुठाय?"

"रिकामा आहे."

"मग बसते," ती म्हणाली. "भर."

ती आत येऊन स्वयंपाकघरातल्या स्टुलावर बसली, खिडकीजवळच्या, जिथे नेहमी बसायची. मी पाठमोरी होऊन भात ढवळत राहिले, कारण माझे डोळे वाहत होते आणि ते तिला दाखवायची काही गरज नव्हती. बाथरूममध्ये बादलीत थेंब पडला. आम्ही दोघींनी ऐकला.

"छत कच्चं आहे तुझं," ती म्हणाली.

"पाइप तुझा फुटलाय," मी म्हटलं. मग आम्ही जे हसलो, त्याने खालच्या मजल्यावरच्या देसाईकाकांनी दार उघडून वर बघितलं, असं ते नंतर सांगत होते.

चार तारखेला ती गेली. आदल्या संध्याकाळी मी पुन्हा नारळीभात केला, प्रवासात न्यायला. तिने तो आइस्क्रीमच्या जुन्या प्लास्टिकच्या डब्यात भरला. आपला स्टीलचा डबा घासला, कोरडा केला आणि नाव पुढे येईल असा माझ्याच फळीवर ठेवून दिला. मी म्हटलं, अगं, तुझा डबा विसरतेयस.

"तुझ्याकडेच राहू दे," ती म्हणाली. "बेंगळुरूला येशील तेव्हा आण. आणि रिकामा आणू नकोस."